सरकीवाले डाक्तर

डॉक्टर गोविंदराव आमच्या घरी पहिल्यांदा आले ते ओसरी भाड्याने मागायला. मामंजी दारातच बसले होते. भाडं किती, पाणी कुठलं, यातलं काही न विचारता डॉक्टरांनी आधी विचारलं, "घरात एकूण किती जण?"

मामंजी म्हणाले, "तीन."

डॉक्टरांनी मान तिरपी करून आतल्या बाजूला कान दिला आणि म्हणाले, "मग आत बांगड्या कुणाच्या वाजताहेत?"

"बायका हायेत त्या," मामंजी म्हणाले. "त्याइले कायले मोजता?"

आत चुलीपाशी मी भाकरी थापत होते. सासूबाई परातीत पीठ घेत होत्या, धाकटी नणंद गंगी लसूण सोलत होती आणि माझी पहिली लेक पाळण्यात हातपाय झाडत होती. डॉक्टर दारातूनच म्हणाले, "पाळण्यात कोण?"

"नात हाये."

"एक," डॉक्टर म्हणाले. "तिच्याहून मोठं कोण?"

असं करत करत ते गंगीवर आले, माझ्यावर आले, मग दीर, मग हे, मग सासूबाई, आणि अगदी शेवटी मामंजींवर. घरच्या कर्त्या माणसाला शेवटचं बोट मिळालं. मामंजींची मिशी थरथरली. पण आतून सासूबाईंचा आवाज आला, "इतक्या वर्सांत मले आज कोनी मोजलं. देऊन टाका त्याइले ओसरी."

आमच्या घरी सासूबाईंच्या आवाजापुढे मामंजींच्या मिशीचं काही चालत नसे. डॉक्टर त्याच दिवशी राहायला आले. सामान काय, एक ट्रंक, औषधांची पेटी आणि पुष्कळशी रिकामी मडकी.

ते दिवस कापसाचे होते. तिकडे अमेरिकेत लढाई पेटली आणि विलायतेच्या गिरण्यांना आमच्या वऱ्हाडचा कापूस लागू लागला, असं घरातले पुरुष बोलत. मला एवढंच दिसे की दाराशी गाड्यांची रांग संपत नाही. मामंजींनी बैलांच्या शिंगांना पितळी शेंब्या घातल्या आणि मुंबईहून काचेचं झुंबर आणलं. घराचं आढं ठेंगणं. झुंबर टांगलं तसं येणाऱ्याजाणाऱ्याचं डोकं त्याला लागू लागलं आणि घरात दिवसभर किणकिण चाले. सासूबाई म्हणत, "आला पैसा, लागला डोक्याले."

अमरावतीच्या परकोटाबाहेर, राजापेठेच्या अंगाला आमचं घर. आजूबाजूला मोकळी रानं होती ती बघता बघता झोपड्यांनी आणि रेच्यांच्या छपरांनी भरली. रेचा म्हणजे कापसातून सरकी वेगळी काढायचं हातयंत्र. दोन लाटांमधून, म्हणजे लाकडी रुळांमधून, कापूस ओढला की रुई पुढे जाते आणि सरकी मागे गळते. शेकड्यांनी बायका तिथे बसत. कुठून कुठून आलेल्या, एकमेकींची बोली न कळणाऱ्या. सकाळपासून लाटा कुरकुरत असत आणि साऱ्या पेठेवर रुईचे कण तरंगत. डाळीत रुई, पाण्यात रुई, पापण्यांवर रुई.

डॉक्टर मुंबईला डॉक्टरी शिकून आलेले. आधी परकोटाच्या आतल्या सरकारी दवाखान्यात होते. तिथे कुणी दगावलं तर कशाने, कुठल्या गल्लीतलं, वय काय, हे ते लिहून ठेवत. तसा हुकूम कुणी दिलेला नव्हता. जिल्ह्याच्या गोऱ्या साहेबांच्या हाती ते कागद पडले आणि साहेबांनी त्यांना दवाखान्यातून उचलून कचेरीत नेलं. जन्म किती, मरण किती, पाऊस किती, गाड्या किती, हे सगळं मोजायचं काम. असं काम वऱ्हाडात तोवर कुणी केलेलं नव्हतं, म्हणून ते कसं करायचं हेही त्यांनाच शोधून काढावं लागलं.

त्यांची रीत अशी. ओसरीच्या भिंतीशी मडकी मांडलेली, एका गल्लीला एक मडकं. गल्लीतल्या प्रत्येक जिवंत माणसामागे एक सरकी. कुणी गेलं की एक सरकी काढून चिंचोका टाकायचा. बाळ जन्मलं की नवी सरकी. पेठेतली माणसं येताजाता आपल्या मडक्यात डोकावून जात. त्यावरून त्यांना नाव पडलं सरकीवाले डाक्तर.

सासूबाईंनी एकदा विचारलं, "जित्या मानसाले सरकी काहून?"

"पेरली की उगवते म्हणून."

"चिंचोका बी उगवते ना."

डॉक्टरांनी खरोखरच विचार केला. "उगवतो," ते म्हणाले, "पण त्याला फार वेळ लागतो, मथुराबाई."

सासूबाईंना त्यांचं हे मोजणं म्हणजे पोरखेळ वाटे. "एवढे शिकले तुमी. अन् आता सरक्या मोजत बसून राह्यले. हातचा गुन वाया घालवून राह्यले."

डॉक्टर म्हणाले, "ताप आलेला माणूस माझ्याकडे येतो. मी औषध देतो. दुसऱ्या दिवशी त्याच गल्लीतला दुसरा येतो, मग तिसरा. माणसाची नाडी मी पाहिली. गल्लीची कुणी पाहायची?"

"गल्लीची नाडी कोन्या हाताले असते?"

"तेच तर शोधतोय."

आणि मग एका दुपारी आमची म्हैस सुटली. घरात कुणाचं लक्ष नव्हतं. ओसरीवर ओळीने सरकीची मडकी. म्हशीला असा पाहुणचार जन्मात मिळाला नव्हता. आम्ही धावत येईपर्यंत तिने पहिल्या मडक्यापासून शेवटच्यापर्यंत सगळं चाटून पुसून साफ केलं होतं. चिंचोके मात्र तिने नीट बाजूला काढून ठेवले होते.

डॉक्टर कचेरीतून आले. त्यांना सांगायचं कसं म्हणून मी दाराआड गेले. सासूबाई कमरेवर हात ठेवून उभ्या राहिल्या. "डाक्तर, तुमची अख्खी पेठ म्हशीनं खाल्ली वो. मेलेले तेवढे ठेवले."

डॉक्टर रिकाम्या मडक्यांकडे बघत राहिले. मला वाटलं, आता रागावतील. ते जे हसायला लागले ते भिंतीला टेकून खालीच बसले. डोळे पुसत म्हणाले, "साहेबाला आता काय कळवू?" रात्री दूध नेऊन ठेवलं तेव्हा पेल्याला हात जोडून म्हणाले, "साऱ्या पेठेचं दूध." सकाळी उठून त्यांनी पहिल्या घरापासून पुन्हा मोजायला घेतलं. महिनाभर लोक त्यांना वाटेत अडवून विचारत, "डाक्तर, आमी अजून म्हशीच्या पोटातच का?"

हसण्याखेळण्याचं असं सगळं असलं तरी त्यांच्या मनात एक गोष्ट पक्की होती. पेठेला स्वतःचा दवाखाना पाहिजे. आमच्या मागच्या गल्लीत फातिमाबी राहत. त्यांचे मालक पिंजारी. त्या रेच्यावर बसत. एक दिवस लाटांमध्ये त्यांचा हात ओढला गेला. परकोटाच्या आत, परक्या पुरुषांच्या गर्दीत जायचं कसं म्हणून त्या चिंधी बांधून घरीच राहिल्या. हात सुजून काळा पडला तेव्हा सासूबाईंनी त्यांना ओढतच आमच्या ओसरीवर आणलं. डॉक्टरांनी हात वाचवला, पण दोन बोटं कायमची वाकडी राहिली. फातिमाबी म्हणायच्या, "डाक्टरसाब, अब ये हाथ आपका है. मेरे पास तो अमानत है."

पण डॉक्टरांची बदली अकोल्याच्या कचेरीत ठरली होती. तिकडे रेल्वे, तिकडे मोठं काम. ते गेल्यावर इथल्या बायकांनी कुणाच्या ओसरीवर यायचं? त्यांनी साहेबांकडे दवाखान्याचं काढलं. साहेब म्हणाले, परकोटाबाहेर आहे काय? कापूस आणि बैल. तिथे माणसं आहेत हे आधी दाखव. लवकरच खानेसुमारी होती, म्हणजे साऱ्या वऱ्हाडची माणसं एकाच वेळी मोजायची होती. पेठेचा आकडा पुरेसा आला तर दवाखाना पेठेत. नाही तर तेवढे पैसे आणि औषधं अकोल्याला.

दवंडी पिटली गेली आणि पेठेत एकच घबराट उडाली. बडनेऱ्याकडे रेल्वेच्या पुलाचं काम चालू होतं. पूल काही उभा राहत नाही, पायाच्या खड्ड्यात माणसांची डोकी घालावी लागतात, म्हणून सरकार डोकी मोजून राह्यलं, असं कुणीतरी बोललं. झालं. आया मुलांना घेऊन माहेरी पळाल्या. खुद्द सासूबाईंनी गंगीला गाडीत बसवून आपल्या माहेरी, हिवरखेडला पाठवून दिलं. डॉक्टर आपले मोजणारे घेऊन कच्ची मोजणी करायला निघाले तर घराघरांतून एकेक म्हातारा निघून सांगे, "मी एकलाच राह्यतो."

डॉक्टर परत आले आणि ओसरीवर बसले. मडक्यांच्या तळाशी सरक्या खुळखुळत होत्या. त्यांना मी असं खचलेलं आधी पाहिलं नव्हतं.

"गंगी कुठे आहे, मथुराबाई?" त्यांनी विचारलं.

"गेली मामाकडे."

"केव्हा येणार?"

सासूबाई पदर सावरत दुसरीकडे बघू लागल्या. डॉक्टर म्हणाले, "तुम्ही सगळ्या लपलात तर साहेब म्हणेल, इथे कुणी राहतच नाही. दवाखाना अकोल्याला जाईल. मीही अकोल्याला जाईन. मग फातिमाबीसारखा कुणाचा हात गेला तर काय कराल?"

सासूबाई उठल्या आणि चपला घालून बाहेर पडल्या. त्या दिवशी पेठेतली एकही चूल त्यांनी सोडली नाही.

चार दिवसांत पेठ भरली. आणि अशी भरली की कुठे पाय ठेवायला जागा नाही! गंगी आली, तिच्याबरोबर हिवरखेडची सारी मामेभावंडं आली, त्यांच्या दोन आज्या आल्या. वरूडकडून कुणाचे व्याही आले. फातिमाबींच्या घरी बडनेऱ्याचे पाहुणे उतरले. प्रत्येक अंगणात लग्नघरासारख्या पंगती बसू लागल्या. आमच्या झुंबराला तर क्षणाची उसंत नव्हती. सासूबाई ओसरीवर येऊन ऐटीत म्हणाल्या, "मोजा आता. किती पायजे तितके मोजा."

डॉक्टरांनी एका पोराला जवळ बोलावलं. "बाळ, रोज कुठल्या विहिरीचं पाणी पितोस?"

"आमच्या हिवरखेडच्या," पोरगं ठणकावून म्हणालं. "इथलं खारं लागते."

डॉक्टरांनी त्याच्या नावावर काट मारली. मग दुसऱ्याच्या, तिसऱ्याच्या. सासूबाईंचा चेहरा लाल झाला. "तुमाले दवाखाना पायजे का नाई? मी लोकाइच्या पाया पडून मानसं आनले, अन् तुमी खोडून राह्यले?"

"पाहुणा उद्या गावी जाईल, मथुराबाई. त्याच्या नावाचं औषध इथे कोण पिणार? आणि साहेबाला एक जरी खोटा माणूस सापडला, तर खरी माणसंही खोटी ठरतील."

"मंग न्या दवाखाना अकोल्याले!" म्हणून सासूबाई आत आल्या आणि त्यांनी भांडी अशी आपटली की पाळण्यातली पोर जागी झाली.

पाहुणे खोडले तसा आकडा पुन्हा कमी पडला. डॉक्टर बराच वेळ कागदाकडे बघत बसले. मग अचानक त्यांनी कान दिला, पहिल्या दिवशी दिला होता तसाच. आत आम्ही भांडी घासत होतो. ते म्हणाले, "मथुराबाई, मी मूर्ख आहे. माझे मोजणारे दारातून विचारतात आणि दारातूनच परत फिरतात. आतल्या बांगड्या मोजल्याच कुणी? तुमच्या सूनबाई पंतोजींची लेक ना? त्यांना लिहिता येत असेल?"

माझे वडील अकोल्याला पंतोजी होते. त्यांनी मला घरीच लिहायला-वाचायला शिकवलं होतं. पण ते लपवण्यासारखंच होतं, आणि मी तर नवऱ्यासमोरही चार शब्द बोलत नसे. सासूबाई म्हणाल्या, "लिवते चांगलं. पन ते बोलतच नाई ना बाप्पा."

"म्हणूनच हव्यात त्या," डॉक्टर म्हणाले. "त्या बोलणार नाहीत, म्हणजे बाकीच्या बोलतील."

सासूबाईंचा राग अजून उतरला नव्हता, पण माझा हात धरून त्या निघाल्या. कोणत्याही घरात आम्ही सरळ स्वयंपाकघरात जायचो. बोलायच्या सासूबाई, लिहायची मी. "लहान्यापासून सांग वं," त्या म्हणायच्या. आणि खरंच, मोजणाऱ्यांना न दिसलेली किती माणसं आत होती! बारसं व्हायचं म्हणून न सांगितलेली बाळं. कोपऱ्यात बसलेल्या विधवा. नुकत्याच नांदायला आलेल्या सुना. "घरात किती?" म्हटल्यावर पुरुषांनी ज्यांना धरलंच नव्हतं त्या सगळ्या. बिनबारशाच्या बाळाचं काय लिहू म्हणून मी थबकले, तर त्याची आई म्हणाली, "लिही, राजा." मग पुढच्या घरातल्या बाईलाही आपलं बाळ राजाच लिहून हवं. त्या दिवशी मी पेठेत कितीतरी राजे लिहिले. एक म्हातारी सगळ्यांत शेवटी राहिली. तिचं नाव विचारलं तर तिला पटकन आठवेना. "मायच म्हनते सारे," ती म्हणाली, आणि मग आठवलं तेव्हा हसली आणि लाजून लाल झाली. तसं हसणं आणि तसं लाजणं मी पुन्हा पाहिलं नाही.

एवढी माणसं पाहून साहेबांना संशय आला. ते स्वतः घोड्यावरून पेठेत आले आणि नेमकं फातिमाबींच्या दाराशी थांबले. "या एवढ्याशा खोलीत एवढ्या बायका?" त्यांनी विचारलं. फातिमाबींचे मालक घामाघूम झाले. आतल्या बायका परक्या पुरुषासमोर येणार नाहीत आणि साहेब आत जाऊ शकत नाहीत. मी आणि सासूबाई पडद्याच्या आत होतो. बाहेर डॉक्टरांचा आवाज ऐकू आला, "फातिमाबी, नुसते हात दाखवा. लहानापासून."

आधी पडद्याखालून एक इवलीशी मूठ बाहेर गेली. तिच्या आईने ती मनगटाला धरून हलवली. मग एक लाखेच्या बांगड्यांचा पोरसवदा हात, मग मेंदीचा, मग रुईने पांढरा झालेला. हात बाहेर निघत होते आणि बांगड्या वाजत होत्या. पडद्याआड बायका तोंडावर हात दाबून हसत होत्या. शेवटी फातिमाबींनी आपला वाकडा हात बाहेर काढला आणि खणखणीत आवाजात म्हणाल्या, "साब, ये हाथ डाक्टरसाब का है. पर गिनती में मेरा लिखना!"

पडद्याच्या फटीतून मला दिसलं, साहेबांनी डोक्यावरची टोपी काढली. कागदावरचा आकडा आणि हातांचा आकडा एकच भरला होता. दवाखाना पेठेलाच मिळाला. पहिल्या दिवशी तिथे देवी टोचून घ्यायला त्या इवल्याशा मुठीची मालकीण आली आणि तिने सारा दवाखाना रडून डोक्यावर घेतला.

डॉक्टर अकोल्याला निघाले तेव्हा सासूबाईंनी त्यांच्या गाडीत सरकीचं एक पोतं टाकलं. "तिकडं मानसं जास्त हायेत. अन् म्हशीपासून सांभाळा." डॉक्टर जाताना मला म्हणाले, "सूनबाई, लिहीत राहा." मी मान हलवली.

अकोल्यात त्यांनी साऱ्या वऱ्हाडचे जन्म आणि मरण लिहायची रीत बसवली. गावोगावचे कोतवाल आपापली खबर घेऊन त्यांच्याकडे येत. कापसाचा भाव पडला, मामंजींचं झुंबर विकलं गेलं आणि आमच्या घरातली डोकी सुखरूप झाली, पण डॉक्टरांचं काम वाढतच गेलं. माहेरी गेले की मी त्यांच्या घरी जाऊन येई. ते माझ्या मुलांना ओळीने उभं करत आणि धाकट्यापासून मोजत. दरवेळी थोरली रुसे. दरवेळी डॉक्टर तिला तेच सांगत, "मोठ्यापासून सुरुवात केली की मोजणारा लहानापर्यंत पोचण्याआधीच दमतो गं."

ते गेल्याचं कळलं तेव्हा सासूबाईंनी जुनं मडकं शोधून काढलं. त्यात एक सरकी टाकली. चिंचोका टाका असं त्यांना सांगायचा धीर आमच्यापैकी कुणाला झाला नाही.

पुढच्या खानेसुमारीला एक तरुण कारकून आला. ह्यांनी सवयीने "पुरुष चार" म्हणायला तोंड उघडलं. सासूबाई तेव्हा खूप थकल्या होत्या, पण अंथरुणावरून ओरडल्या, "थांबा! लहान्यापासून."

जावेच्या पाळण्यातल्या लेकीपासून त्यांनी एकेकाला धरलं. कुणाला सोडलं नाही. स्वतःपर्यंत आल्या. कारकून कागद गुंडाळू लागला तसं त्यांनी बोट ओसरीकडे केलं. "अन् ते डाक्तर."

"कुठे आहेत ते?" कारकुनाने विचारलं.

मी पुढे होऊन हळू म्हणाले, "आई, डॉक्टर आता नाहीत. आणि असते ना, तर हे नाव त्यांनी स्वतःच खोडलं असतं."

"मंग खोडू दे ना," सासूबाई म्हणाल्या. "तू लिव बापू. येऊ दे त्याइले, अन् खोडू दे."